रुमालातली पेनं

मुलगी : फ्रिजच्या दारात चार अंडी, अर्धं लिंबू, खोकल्याची बाटली. इन्सुलिनची पेनं शून्य. शनिवारी तीन होती, आई.

आई : असतील मागे कुठेतरी.

मुलगी : सगळा फ्रिज उपसला. आणि तू सकाळपासून तांब्यावर तांब्या पाणी पितेयस. बोट दे इकडे.

आई : नको. पास्टर म्हणालेत, आजार जिभेवर आणायचाच नाही.

मुलगी : जिभेवर नको, बोटावर आण. ...साखर चारशे बारा! पेनं कुठायत?

आई : पेरली.

मुलगी : काय?

आई : रविवारी, दानपेटीत. ज्याच्यावाचून तुमचं अडतं तेच बीज म्हणून पेरा, शंभरपट उगवेल, म्हणाले.

मुलगी : म्हणजे घरात तीनशे पेनं येणार होती?

आई : थट्टा नको. तुझ्या नोकरीसाठी पेरली. पदवी घेऊन वर्षभर घरात बसलीयस.

मुलगी : ...आणि नोकरी लागल्यावर सांगायचं कुणाला? ऊठ. दवाखान्यात चल.

आई : थांब, बेल वाजली. अगं, तू! ये ना. ही आमच्या चर्चमधली मावशी, दानपेटी हीच उघडते.

मावशी : हा रुमाल तुझाच ना? एवढं बारीक भरतकाम दुसरं कोण करणार! घे तुझी पेनं.

मुलगी : मावशी! फ्रीझरमध्ये नव्हती ना ठेवलीत? गोठली की वाया जातात.

मावशी : खालच्या कप्प्यात, दुधाशेजारी. माझीही तिथंच असतात.

आई : तू घेतेस? आणि पहिल्या बाकावर बसून 'आमेन' म्हणतेस!

मावशी : टोचतानाही म्हणते. या वेळी पेटीत दोन चष्मे, कानाचं यंत्र आणि एक कवळी निघाली. चष्मे आणि यंत्र पोचवलं. कवळीचा मालक काही सापडेना. विचारलं की जो तो तोंड मिटून मान हलवतो.

आई : पण दिलेलं परत घेतलं तर हिची नोकरी...

मावशी : अगं, प्रभूनं आजाऱ्यांना बरं केलं. त्यांची औषधं नाही काढून घेतली. पास्टरांनाही तेच सांगितलं.

आई : रागावले?

मावशी : रागावू देत. पेटीची किल्ली माझ्याकडे आहे.

आई : खरं सांगू? रविवारपासून डोकं गरगरतंय. मला बरं नाहीये गं. अजिबात बरं नाही.

मुलगी : मग हसतेस काय?

आई : बोलून टाकलं ना, हलकं वाटतंय. टोच बाई.

मुलगी : डॉक्टरांना फोनवर विचारते आधी. ...हं, टोचलं. दोन तासांनी पुन्हा बघायचं. उतरली नाही तर तडक दवाखाना.

मावशी : मग मी थांबते. कवळीला कसली घाई?

(दोन तासांनंतर. तिघी त्याच टेबलाशी.)

आई : आण ते यंत्र. मीच वाचते.

मुलगी : मोठ्यानं.

आई : दोनशे पंचाहत्तर.