धाडच्या बाजारातला खोटा हवालदार

हसा बे, पण टीव्हीवरच्या गुन्ह्यांच्या मालिकेत आठ वर्षं हवालदार होतो मी! साहेब खुनी पकडे अन् मी त्याच्यासाठी जीपचं दार उघडो.

एकदा धाड गावच्या बाजारात आमच्या शेजारच्या शांतामावशीची विकाले आणलेली बकरी चोरीले गेली. तिनं माहाच हात धरला.

"चाल, शोध."

"मावशी, मी खोटा पोलीस हावो."

"मले माहीत हाये. चोराले कुठं माहीत हाये?"

मंग काय! छाती फुगवून बकऱ्यांच्या बाजारातून एक चक्कर मारली. कोणाले एक शब्द बोललो नाही. चहा पिऊन आलो, तं बकरी मावशीच्या खुंट्याले बांधलेली!

मावशी म्हणे, "तुह्या साहेबाले सांग, आता जीपचं दार त्यानं उघडावं."