हंसिणीची चाल

(लॉस एंजेलिस, १९५९. टीव्हीसाठी कार्टून काढणाऱ्या कंपनीतली धुण्याची खोली. म्हातारा चित्रकार ऑर्विल दारात. पारदर्शक शीटवरचा रंग धुणारी कॉन्सुएलो पिंपाशी.)

ऑर्विल : हंसिणीच्या शीट म्हणतोय मी. कुठेत?

कॉन्सुएलो : त्या काय, कोऱ्या करकरीत वाळतायत.

ऑर्विल : धुतल्यास?

कॉन्सुएलो : मग काय लोणचं घालू? प्रसंग कापला की शीट माझ्याकडे. रंग काढायचा, उद्या त्यावर दुसरं काहीतरी. तुम्हीच शिकवलंत.

ऑर्विल : कापला? कॅमेऱ्याखाली जायच्या आधीच?

कॉन्सुएलो : साहेब म्हणाले, हंसीण चालवायला चित्रं फार लागतात. कुंपणामागे उभी करा, नुसती चोच हलवा, पोरं हसतातच. तुमचं तोंड का उतरलं? एरवी हूं की चूं करत नाही तुम्ही.

ऑर्विल : ती चाल हेझलची होती.

कॉन्सुएलो : तुमच्या बायकोची?

ऑर्विल : आमच्या बोळात तिला फिरवून फिरवून काढली. डावं पाऊल जरा बाहेर टाकायची, मग कमरेला एक झोका. म्हणाली, टीव्हीवर टिंगल करणार का माझी? म्हटलं, करणार. पुढच्याच महिन्यात झटका आला.

कॉन्सुएलो : मला वाटलं, सावरल्या त्या.

ऑर्विल : बोलते थोडंफार. पाय गेले ते गेलेच. जूनमध्ये टीव्हीवर चालताना दिसशील, असं सांगून सांगून घास भरवतो मी.

कॉन्सुएलो : अन् मी माझ्या हातानं घासलं ते. पेन्सिलीची चित्रं असतील ना? ती भराभर चाळून दाखवा.

ऑर्विल : रंगवून झालं की ती रद्दीत जातात.

कॉन्सुएलो : थांबा. ही एक शीट धुवायची राहिलीय. डावं पाऊल उचललेलं आहे बघा. न्या ही.

ऑर्विल : एका चित्रात चालणं नसतं गं.

कॉन्सुएलो : मग पुन्हा काढा. शीट मी गुपचूप आणून देते.

ऑर्विल : कोणाकडे बघून?

कॉन्सुएलो : इतकी वर्षं पाहिलीय की तुम्ही. आठवेल.

ऑर्विल : डोळे मिटले तरी आता ती पडलेलीच दिसते. माझ्याच्यानं नाही होणार.

कॉन्सुएलो : मग असं सांगा, हंसीण कुंपणामागे चालतेय. पाय तेवढे दिसत नाहीत.

ऑर्विल : ती नाही फसायची. घरी तीही कमरेपर्यंत पांघरुणातच असते.