पंख्यात जवळा

(अलिबागच्या बाजारातलं कॉम्प्युटर दुरुस्तीचं दुकान. आषाढातली रविवारची दुपार. टेबलावर गोणपाटातून नुकताच काढलेला सीपीयू.)

किशोरी : ते ऐकलं मी, काका. गेम चालत नाही. पण चालत नाही म्हणजे काय होतं? लावला की काय दिसतं?

हिरामण : काय दिसनार? काला पडदा येतो. जरा येल थांबतो. मंग ढप्प. समदं बंद.

किशोरी : समदं म्हणजे? गेम की अख्खं मशीन?

हिरामण : मशीन. दिवा पन जातो.

किशोरी : मग मघापासून गेम गेम काय करताय? बोटीचं इंजिन बंद पडलं तर मेकॅनिकला काय सांगता, मासे मिळत नाहीत म्हणून?

हिरामण : तोंड लय चालतं तुजं, बाय.

किशोरी : तोंडाचं बिल लावत नाही मी. गेम सोडून बाकी सगळं चालतं?

हिरामण : चालतं की. हवामान दिसतं, भजनं लागतात. गेम लावला की मरतो. काय खोटा गेम दिलाय कुनी, देव जाने.

किशोरी : गेम कोणाचा?

हिरामण : पुतन्याचा. केतनचा. मी कशाला खेलतोय? ह्या वयात?

किशोरी : आणि हा केतन कुठे आहे?

हिरामण : पनवेलला. मामाकडं.

किशोरी : वा! पुतण्या मामाकडे मजेत, आणि काका भर पावसात नवगावहून मशीन गोणपाटात घालून एसटीनं आले. पुतण्याच्या गेमसाठी.

हिरामण : पावसाली मासेमारीला बंदी हाय. बोट शाकारून ठेवलीय. घरात बसून काय करू? आन तू हात चालव जरा. बायको बाजारात गेलीय, ती यायच्या आदी व्हायला पायजे.

किशोरी : तुमच्या घाईनं स्क्रू सैल होत नाहीत. आधी काही करून बघितलं होतं घरी?

हिरामण : केतननं केलं. मोबाइलवर बघून बघून. त्यो अँटिव्हायरस का काय, त्यो बंद केला. गेम उडवला, परत टाकला. परत उडवला. मंग म्हनला, विंडोज जुनी झाली. ती पन नवी टाकली.

किशोरी : म्हणजे ताप आलेल्या माणसाचं नाव बदललं. अजून?

हिरामण : अजून काय न्हाय.

किशोरी : काका.

हिरामण : नारल फोडला.

किशोरी : कॉम्प्युटरवर?

हिरामण : बाजूला फोडला! येवरी अक्कल हाय मना.

किशोरी : उपकार झाले. पाणी उडालं नाही ना? बरं, गेम कसला आहे?

हिरामण : मासेमारीचा. आता तूच सांग, कोल्याच्या घरात मासेमारीचा गेम! दांडीला दोरी बांधून पापलेट काढतात त्यात. पापलेट! ज्यानं गेम केलाय त्यानं पापलेट ताटात तरी बघितलाय का? आन भरती-ओहोटीचा पत्त्याच न्हाय. कवा पन बोट काढा, कवा पन लावा. रेतीला टेकत न्हाय, खडकाला लागत न्हाय. वारा तर असा, जसा पाव्हन्यांना इचारून सुटतो.

किशोरी : खेळत नाही म्हणालात ना? सगळं पाठ आहे तुम्हाला.

हिरामण : बाजूला बसून दिसतं की.

किशोरी : हो का. थांबा, झाकण काढते... अरे देवा.

हिरामण : काय झालं?

किशोरी : वास येतोय का तुम्हाला?

हिरामण : कसला वास? मना न्हाय येत.

किशोरी : तुम्हाला कसा येईल. या इकडे. हे काय आहे पंख्यात?

हिरामण : धूल असंल.

किशोरी : धुळीला डोळे असतात? मिशा असतात? काका, हा जवळा आहे. सुका जवळा. माझ्या दुकानात उंदीर निघालेत, झुरळांची घरं निघालीत, एकाच्या सीपीयूत पाल वाळून पडलेली होती. पण कुणी आत जवळा भरून आणलेला नव्हता आजवर. ग्राफिक्स कार्डचा पंखा गच्च बसलाय. आमटी करायची होती का यात?

हिरामण : जवला? आत कसा जाईल जवला?

ठमी : काय झालं वो? झाला का चालू?

हिरामण : आली ही. तू बाजारात व्हतीस ना?

ठमी : झाला बाजार. दोन भाज्या घ्यायला काय दिवस लागतो? काय गो बाय, काय निघालं आतनं?

किशोरी : तुम्ही यांच्या घरच्या ना, मावशी? मग तुम्हीच सांगा. हा जवळा कॉम्प्युटरमध्ये कसा आला?

ठमी : अगो बाई. आत गेला व्हय त्यो?

हिरामण : ठमे, काय केलंस तू?

ठमी : काय करनार? घरातला जवला सादलला. उन्हाचा तर पत्त्या न्हाय. चुलीवर धरला तर धुराचा वास लागतो. ह्याच्या मागनं गरम वारा येतो, बरा चांगला. तितं सूप लावलं व्हतं. वरनं पातल फडका पन घातला व्हता.

किशोरी : मागनं वारा बाहेर येतो, मावशी, आणि बाजूनं आत ओढला जातो. तुम्ही सूप दोन्हीकडे पुरेल असं लावलंत.

हिरामण : बुडवलीस! माजी बोट जवल्यात बुडवलीस तू!

किशोरी : माझी? पुतण्याची ना?

ठमी : कनचा पुतन्या? केतन? त्याला म्हावरं नुसतं खायला ठाव. हेच खेलतात. दर रविवारी संध्याकाली, दार लावून. कुनी आलं की मना सांगायला लावतात, झोपलेत म्हून.

हिरामण : गप बस तू.

ठमी : का गप बसू? आता हिला सगलं सांगल्याबिगर ती काय दुरुस्त करनार?

किशोरी : पंख्याला काही सांगायची गरज नसते. पण सांगा, मला आवडेल.

ठमी : आमचा प्रज्योत हाय ना, हैदराबादला, कंपनीत. दोन वर्सं झाली, बापलेक बोलत न्हाईत. पोर म्हनला, मी बोटीवर जानार न्हाय, मना नोकरी लागलीय. तर हे काय म्हनले, बंदरावर समद्यांच्या समोर? मंग ह्या घरात पन तुजं काय काम न्हाय, म्हनले.

हिरामण : रागात मानूस बोलतो.

किशोरी : आणि राग उतरल्यावर?

हिरामण : राग उतरला म्हून बापानं पोराच्या पाया पडायचं?

ठमी : मागच्या पावसात पोरानं नवीन कॉम्प्युटर घेतला, तवा हा जुना घरी धाडला. गेम घालून. मना म्हनला, बाबांना सांग, बंदीत भिंतीकडं बघत बसन्यापरीस हे बघा. ह्यांनी आदी शिव्या घातल्या. मंग एक दिवस बसले. बोट काढली. तर बाजूला दुसरी बोट आली, वर नाव प्रज्योतचं. तिकडं हैदराबादला बसून तो पन खेलत व्हता. भोंगा वाजवलान त्यानं. ह्यांनी पन वाजवला.

किशोरी : आणि बोलले?

हिरामण : बोलायचं काय त्यात? भोंगा वाजवतो तो. मी पन वाजवतो. बाजूबाजूनं जातो. त्याला बोट वलवता येत न्हाय धड, येरागबाला हाय. मी पुढं जातो, मंग त्याला कलतं कुटं वलायचं.

किशोरी : वर्षभर भोंगे. धन्य आहात. फोन नावाची वस्तू असते, काका. त्यातही जवळा गेलाय का?

हिरामण : बघ, तुना काय कलायचं न्हाय त्यातलं.

किशोरी : बरोबर आहे. मला फक्त मशीनमधलं कळतं. मशीन निदान गरम झालं तर स्वतःहून बंद होतं, दोन वर्षं तापलेलं राहत नाही.

ठमी : आता तीन रविवार झाले, बंद हाय. पोराला वाटतंय बाप परत रुसला. मी सांगितलं त्याला, अरे बिघडलाय कॉम्प्युटर. तर म्हनतो, आई, तू जुलवायला खोटं बोलतेस.

किशोरी : असं का म्हणतो?

ठमी : बोललेय ना आदी खोटं! ह्यांना सांगायची, पोर तुमची चौकशी करतो. पोराला सांगायची, बाबा तुजी आठवन काढतात. दोगांनी एकमेकांस्नी काय इचारलेलं नसायचं. दोगांनी पकडलं मना. आता खरं सांगते तर कोन आयकत न्हाय.

हिरामण : जवला कोनासाठी सुकवलास येवरा?

ठमी : कोनासाठी? त्याच्यासाठीच! आई, जवला धाड, म्हनला. शेजारच्या हेमांगीचा नवरा जानार हाय तिकडं, त्याच्यासंगं द्यायचा व्हता.

किशोरी : म्हणजे मुलासाठी सुकवलेल्या जवळ्यानं मुलाची बोट थांबवली. छान. आता ऐका. ब्लोअर मारला, जवळा काढला. पण हा पंखा गेलाय. खाऱ्या हवेनं आधीच गंजला होता, वर हे मटेरियल. नवा मुंबईहून मागवावा लागेल. लाँच बंद आहेत, रस्त्यानं येईल. बुधवार-गुरुवार धरा.

हिरामण : बुधवार? आज रविवार हाय! आज संध्याकाली व्हायला पायजे!

किशोरी : मग देवाला दुसरा नारळ फोडा.

हिरामण : बाय, चेष्टा नको करू. चौथा रविवार चुकला तर पोर यायचाच बंद होईल. किती दिस बघंल वाट? कायतरी कर. दुसरा पंखा लाव, टेबलाचा लाव बाहेरनं, कायपन कर.

किशोरी : टेबलफॅननं ग्राफिक्स कार्ड चालतं, हे कुणी सांगितलं? केतननं? बसा तिथे. ओरडू नका. माझ्या ह्या मशीनवर गेम टाकते, इथे बसून खेळा. तुमच्या नावानं लॉगिन केलं की तुमची बोट इथे येते.

हिरामण : हितं येते? हीच बोट?

किशोरी : हीच. तुमच्या त्या भोंग्यासकट. पासवर्ड काय आहे?

हिरामण : तो आपोआप आत जायचा. मना कुटं ठाव.

किशोरी : अर्थात. ‘पासवर्ड विसरलो’ असं दाबते मग. आता ओटीपी येईल मोबाइलवर. द्या तुमचा मोबाइल.

हिरामण : हा घे... काय आलं न्हाय.

किशोरी : कुठे गेला मग? शेवटचे आकडे दाखवतंय, त्रेसष्ट. कुणाचा नंबर? मावशी, तुमचा?

ठमी : माजा न्हाय. त्रेसष्ट प्रज्योतचा.

किशोरी : मग झालं. खातं त्यानं काढलेलं आहे, ओटीपी त्याच्या मोबाइलवर गेला. फोन करून विचारा.

हिरामण : ठमे, लाव फोन.

ठमी : मी न्हाय लावनार.

हिरामण : लाव म्हनतो ना!

ठमी : मी लावला तर तो म्हनंल, आईचं नवीन नाटक. आकडा सांगनार न्हाय. तोच मना दर खेपेला बजावतो, ओटीपी कुनाला सांगू नको.

हिरामण : मंग तू लाव, बाय. दुकानवाली म्हून सांग.

किशोरी : अनोळखी बाई फोन करून ओटीपी मागतेय. आणि तो देईल? मला पोलिसांत द्यायला लावता का त्याला?

हिरामण : मंग आता?

किशोरी : आता तुम्ही. भर समुद्रात वादळात बोट नेता ना? इथे फक्त हिरवं बटण दाबायचं आहे. लवकर दाबा, ओटीपी दहाच मिनिटं टिकतो.

हिरामण : नंबर न्हाय माज्याकडं.

ठमी : हाय. “पोर” म्हून घातलाय. मी बघितलाय.

हिरामण : तू माजा मोबाइल बघतेस?

ठमी : लावा.

हिरामण : ...वाजतोय. उचलनार न्हाय तो. बघा, उचलत न्हा— हां. हॅलो. ...कोन म्हून काय इचारतोस? नंबर न्हाय माजा तुज्याकडं? ...हाय ना? मंग इचारतोस कशाला? ...न्हाय, कोन मेलं न्हाय. आई बरी हाय. हितंच हाय, भाजी घेऊन बसलीय. ...मी पन बरा हाय. ...राग? कसला राग? तीन रविवार तो कॉम्प्युटर बंद हाय, म्हून. ...अरे खरं! तुज्या आयशीनं पंख्यात जवला घातलान. ...जवला! ...हसू नको. ...हसतोस काय, सगली अलिबागची दुकानं वासानं भरली.

किशोरी : काका, ओटीपी विचारा.

हिरामण : हां, थांब, तो आकडा... आलाय काय तुज्याकडं? ...आलाय? बरं, सांगशील. आदी मना सांग, तू त्या पुलाच्या खालनं बोट नेतोस, ती डावीकडनं का नेतोस रं? मी किती येला भोंगा मारला, उजवीकडनं ये म्हून. ...तुना वाटलं मी शिव्या घालतोय? ...न्हाय रं. दाखवत व्हतो.

किशोरी : मावशी, ओटीपीची वेळ संपली.

ठमी : संपू दे गो. तू दुकान कवा बंद करतेस, तेवरं सांग.