नोटरीचे दहा प्रश्न

बाहेरच्या बाकावर

नोएलिया : पाचव्याला काय म्हणायचं?

फुएन्सांता : "होय, स्वखुशीने."

नोएलिया : ते आठव्याला, आई. पाचव्याला "होय, सगळे खर्च मला समजावून सांगितले."

फुएन्सांता : सगळ्याला नुसतं होय म्हटलं तर? लग्नात पाद्रीसमोर एकदाच म्हटलं होतं, ते तुझे बाबा जाईपर्यंत पुरलं.

नोएलिया : चेष्टा नको. रुबेनने जेवढं पाठवलंय तेवढंच बोलायचं. एक शब्द जास्त नाही.

फुएन्सांता : रुबेन म्हणजे बँकेतला तो, मोज्यांशिवाय बूट घालणारा?

नोएलिया : तोच.

फुएन्सांता : त्याला म्हणावं, तूच ये आणि दे परीक्षा.

नोएलिया : कायदा आहे. कर्ज घेणारी मी, हमीदार तू. दोघींनी नोटरीसमोर बसून दाखवायचं की सगळं समजलंय. आज समजलं तर उद्या खरेदीच्या सह्या. उद्या सह्या झाल्या नाहीत तर इसाराचे आठ हजार घर विकणाऱ्या त्या मालकिणीच्या घशात.

फुएन्सांता : माझे आठ हजार.

नोएलिया : तुझे. लिंबांच्या झाडांचे. रोज सांगतेस.

फुएन्सांता : रोज नाही, रविवारी सांगते. आणि झाडं विकल्याचं मला काही वाटत नाही. झाडं गेली, भिंती येतील. अकरा वर्षं तू भाडं भरतेस, म्हणजे अकरा वर्षं खिडकीत उभी राहून नोटा खाली फेकतेस. ते बघवत नाही मला.

नोएलिया : म्हणून अकरा वर्षांत एकदाही माझ्याकडे जेवायला बसली नाहीस?

फुएन्सांता : परक्याच्या घरात मी जेवत नाही.

नोएलिया : मी राहते तिथे.

फुएन्सांता : भाड्याने राहतेस. तुझं स्वतःचं झालं की येते. या रविवारीच येते, मिचिरोनेसच्या उसळीचं मोठं पातेलं घेऊन. वाटाणे नाही, चांगले सुके वाल आणलेत मी.

नोएलिया : हमीदार म्हणजे काय, असं विचारलं तर?

फुएन्सांता : धर्ममाता. बाप्तिस्म्याला बाळामागे उभी राहते ती. तूच सांगितलंस.

नोएलिया : ते आत बोलू नकोस.

फुएन्सांता : का? छान आहे की.

नोएलिया : नको म्हणते ना! चल, नाव घेतलं आपलं. आणि मोबाईल पर्समध्ये टाक. त्यांच्यासमोर उत्तरं बघत बसू नकोस.

प्रश्न पहिला

नोटरी : या, बसा. मी एउसेबियो, इथला नोटरी. आपण डोन्या फुएन्सांता, ओळखपत्राप्रमाणे?

फुएन्सांता : होय, स्वखुशीने.

नोटरी : मी अजून काही विचारलेलं नाही. आपण विधवा आहात?

फुएन्सांता : होय, सगळे खर्च मला समजावून सांगितले.

नोएलिया : आई!

नोटरी : उत्तरं कुणी पाठवली होती का?

नोएलिया : नाही. ती घाबरलीये थोडी.

फुएन्सांता : मी? मी तीस वर्षं कारखान्यात पीच सोलले, मुकादमाला नाही घाबरले.

नोटरी : या आठवड्यातले सगळे हमीदार माझ्याकडे स्वखुशीने आले आहेत. अगदी याच शब्दांत. त्यामुळे मी प्रश्न क्रमाने विचारत नाही आणि नुसतं "होय" हे उत्तर धरत नाही. चुकलात तर समजावून सांगेन. समजलं असं मला दिसलं, तरच मी तसं लिहीन. मी लिहिलं नाही तर उद्या सही नाही. या भेटीचे मी पैसे घेत नाही.

फुएन्सांता : हे आधी सांगायचंत, डॉन एउसेबियो. फुकट असेल तर दोन-दोनदा विचारा.

प्रश्न सातवा

नोटरी : नोएलिया, हा तुम्हाला. कर्ज किती आणि फेडणार किती?

नोएलिया : एक लाख साठ हजार युरो. तीस वर्षं. महिना सहाशे ब्याण्णव.

नोटरी : म्हणजे एकूण?

नोएलिया : ते दुसऱ्या पानावर आहे, खाली.

नोटरी : पान विचारलं नाही मी.

नोएलिया : भाडं सातशे दहा आहे. हप्ता त्याहून कमी. मी तेवढंच पाहिलं.

नोटरी : बहुतेक जण तेवढंच पाहतात. आजचाच दर शेवटपर्यंत राहिला तर दोन लाख एकोणपन्नास हजार. पाच वर्षांनंतर दर बाजाराबरोबर बदलेल, तेव्हा या आकड्याची खात्री मीही देत नाही. आयुर्विमा, घराचा विमा आणि अलार्म यात धरलेले नाहीत. ते बँकेकडूनच घेतलेत म्हणून दर थोडा उतरला.

फुएन्सांता : अलार्म? चौथ्या मजल्यावर, लिफ्ट नसताना? चोर वर पोचला तर त्याला आधी पाणी द्यावं लागेल.

नोएलिया : आई, गप्प बस ना.

फुएन्सांता : थांब गं. एक साठचे दोन एकोणपन्नास? घर एक आणि पैसे दीड घराचे?

नोटरी : साधारण तसंच.

फुएन्सांता : आम्हीही घेतलं होतं कर्ज, कारखान्याशेजारच्या घरासाठी. आम्हाला कुणी बेरीज सांगितली नाही.

नोटरी : तेव्हा हे प्रश्न नव्हते.

फुएन्सांता : बरं झालं नव्हते. नाहीतर मी अजून सासूकडेच असते.

नोटरी : नोएलिया, समजा दहा वर्षं एकही हप्ता चुकला नाही. त्र्याऐंशी हजार भरून झाले. कर्ज किती उरलं?

नोएलिया : सत्याहत्तर हजार.

नोटरी : एक लाख साडेबावीस हजार.

नोएलिया : काहीतरी चुकलं असेल.

नोटरी : नाही. पहिल्या हप्त्यातले जवळपास दोन तृतीयांश नुसते व्याजाचे आहेत. मुद्दल सुरुवातीला जेमतेम हलतं. शेवटच्या वर्षांत भराभर उतरतं, पण तिथपर्यंत पोचावं लागतं.

नोएलिया : दहा वर्षांनी मी अठ्ठेचाळीसची असेन.

फुएन्सांता : पण शेवटी भिंती आपल्या. भाड्याच्या शेवटी काय असतं? दुसरं भाडं.

नोटरी : तेही खरं आहे. मी घर घेऊ नका असं सांगायला बसलेलो नाही. किती पडतं ते माहीत असावं, एवढंच. समजलं, नोएलिया?

नोएलिया : समजलं. पुढचा विचारा.

प्रश्न चौथा

नोटरी : डोन्या फुएन्सांता, हमीदार म्हणजे काय?

फुएन्सांता : सांगू?

नोएलिया : आई, रुबेनने दिलेलं—

नोटरी : त्यांच्या शब्दांत, कृपया.

फुएन्सांता : धर्ममाता. मूल तिचं नसतं, पण ती मागे उभी असते.

नोटरी : धर्ममातेचं घर जात नाही.

फुएन्सांता : कुणाचं घर?

नोटरी : आपलं, कारखान्याशेजारचं. नोएलियाने हप्ते थकवले तर बँक आधी तिचं घर विकते. त्यातून कर्ज फिटलं नाही तर उरलेलं देणं तिच्या डोक्यावर राहतं, घर गेलं तरी. आणि त्या उरलेल्या देण्यासाठी आपलं घर तारण आहे.

फुएन्सांता : किती दिवस?

नोटरी : कर्ज फिटेपर्यंत. तीस वर्षं.

फुएन्सांता : अहो, मी सहासष्टची आहे.

नोटरी : शेवटच्या हप्त्याला शहाण्णवच्या असाल.

फुएन्सांता : माझ्या तब्येतीवर बँकेचा माझ्यापेक्षा जास्त भरवसा दिसतोय.

नोटरी : आपण नसलात तरी तारण राहतं.

प्रश्न चौथा, पण आईचा मुलीला

फुएन्सांता : पोरी, तुला हे माहीत होतं?

नोएलिया : रुबेन म्हणाला, तशी वेळ कधी येतच नाही.

फुएन्सांता : मी रुबेनला विचारत नाहीये.

नोएलिया : आई, इथे नको.

फुएन्सांता : इथेच. माझ्याकडे बघ. माहीत होतं?

नोएलिया : होतं.

फुएन्सांता : मग ती धर्ममाता कशाला?

नोएलिया : कारण तू खूश होतीस! अकरा वर्षं प्रत्येक रविवारी एकच. तुझ्या मैत्रिणीचं घर झालं, शेजारणीच्या त्या ढ पोराचंसुद्धा झालं, तुझं कधी? मी काय सांगणार होते? की माझ्या पगारावर मला कुणी दारात उभं करत नाही? की माझ्या घराआधी तुझं घर टेबलावर ठेवावं लागतं?

फुएन्सांता : हो. हेच सांगायचं होतंस.

नोएलिया : मग नाही म्हणाली असतीस.

फुएन्सांता : नसते म्हणाले. हो म्हणाले असते. पण डोळे उघडे ठेवून म्हणाले असते.

नोटरी : मी थोडा वेळ बाहेर थांबू का?

फुएन्सांता : बसा हो. तुमचंच ऑफिस आहे.

(फुएन्सांता चष्मा काढून ब्लाउजच्या टोकाने पुसते. बराच वेळ पुसते.)

प्रश्न चौथा, पुन्हा

नोटरी : डोन्या फुएन्सांता, पुन्हा विचारावं लागेल. हमीदार म्हणजे काय?

फुएन्सांता : हिने भरलं नाही तर आधी हिचं घर, मग माझं. मी शंभरीला टेकले तरी. बरोबर?

नोटरी : बरोबर.

फुएन्सांता : मग लिहा, समजलं. माझी सही कुठे?

नोटरी : समजलं म्हणजे सही केलीच पाहिजे असं नाही. समजून नाहीही म्हणता येतं.

फुएन्सांता : ते मला नका सांगू. वेळ आलीच तर लोर्काला बहिणीकडे जाईन.

नोएलिया : मावशीशी तू आजीच्या अंत्यविधीपासून बोललेली नाहीस.

फुएन्सांता : मग बोलेन.

नोएलिया : तिच्याकडे एकच खोली आहे.

फुएन्सांता : स्वयंपाकघरात झोपेन. तू नीट हप्ते भर, मग कुणालाच कुठे जायला नको! नोकरी आहे ना तुला?

नोएलिया : आहे.

फुएन्सांता : मग?

नोएलिया : आमचे डॉक्टर पुढच्या वर्षी दवाखाना बंद करताहेत. त्यांचा मुलगा माद्रिदला आहे, त्याला इथल्या लोकांचे दात बघायचे नाहीत. मी दुसरीकडे कुठे कामच केलं नाहीये, आई. विशीपासून तिथेच आहे.

फुएन्सांता : हे रुबेनला माहीत आहे?

नोएलिया : त्याने विचारलं नाही.

फुएन्सांता : मलाही विचारायचं सुचलं नाही. मी घराचंच विचारत राहिले. मिळेल गं दुसरी नोकरी. डॉन एउसेबियो, लिहा तुम्ही.

प्रश्न दहावा

नोटरी : हा शेवटचा, नोएलिया, तुम्हाला. हप्ते थांबले, बँकेने तुमचं घर घेतलं. तुमचं देणं संपलं का?

नोएलिया : संपलं.

नोटरी : मघाशी आपण हेच बोललो.

नोएलिया : किल्ली टेबलावर ठेवली, घर त्यांचं झालं. विषय संपला. आईचा काही संबंध नाही.

फुएन्सांता : अगं, आत्ताच सांगितलं ना त्यांनी! उरलेलं तुझ्या डोक्यावर आणि मग माझं—

नोएलिया : आई, प्रश्न मला आहे.

नोटरी : मी पुन्हा समजावतो. घर विकून आलेली रक्कम कर्जापेक्षा कमी असेल तर—

नोएलिया : कितीही वेळा समजावा. माझं उत्तर हेच राहील.

नोटरी : मग तुम्हाला समजलं असं मला लिहिता येणार नाही.

नोएलिया : नका लिहू.

फुएन्सांता : हिचं ऐकू नका! शाळेत पहिली यायची ही. मुद्दाम करतेय, दिसत नाही का तुम्हाला?

नोटरी : दिसतं, डोन्या फुएन्सांता. पण मला जे ऐकू येतं तेच लिहावं लागतं.

फुएन्सांता : तुम्ही म्हणालात, फुकट आहे, पुन्हा विचारा!

नोटरी : विचारलं, आठवण करून दिली, पुन्हा समजावलं. नोएलिया, त्या मालकिणीला आजच फोन करा. करारात दुसरं काही नसेल तर इसार तिचा होतो. कधीकधी लोक थोडे परत देतात.

नोएलिया : कधीकधी.

नोटरी : हो. कधीकधी.

पुन्हा बाकावर

फुएन्सांता : सगळी झाडं गेली. एका उत्तरात.

नोएलिया : हो.

फुएन्सांता : सरळ नाही म्हणायचं. हे असं मूर्खासारखं कशाला?

नोएलिया : सरळ नाही म्हटलं असतं तर तू मला इथे बाहेर आणून हो म्हणायला लावलं असतंस.

फुएन्सांता : असतंच.

नोएलिया : म्हणून.

फुएन्सांता : हट्टी आहेस. बापावर गेलीस.

नोएलिया : बाबा हट्टी नव्हते.

फुएन्सांता : तेच म्हणते. मग कुणावर गेलीस?

नोएलिया : तुझे आठ हजार देईन मी. दर महिन्याला थोडे थोडे.

फुएन्सांता : आणि व्याज?

नोएलिया : आई.

फुएन्सांता : गंमत गं. आमच्या घराचे आम्ही किती भरले असतील? बाबांच्या आणि माझ्या पगारातून, सगळे मिळून?

नोएलिया : बेरीज करू?

फुएन्सांता : नको. मला रात्री तिथेच झोपायचंय.

नोएलिया : फोन करते मालकिणीला.

फुएन्सांता : कर. रडू नकोस तिच्यापुढे, नाहीतर एक पैसा देणार नाही. माझ्या त्या वालांचं काय करू आता? काल रात्रीच मोजून बाजूला काढलेत, दोघींचे.

नोएलिया : रविवारी मी येते की तुझ्याकडे. नेहमीसारखी.

फुएन्सांता : तुझ्याकडे मोठी शेगडी आहे का गं?

नोएलिया : आहे.

फुएन्सांता : आणि खुर्च्या?

नोएलिया : दोन. त्याही घरासोबत आलेल्या, भाड्याच्याच.

फुएन्सांता : मी आले की घंटी वाजवेन. खाली ये घ्यायला, पातेलं जड असतं.