टकचा आवाज

इस्ला : बंदूक खाली ठेवा बाबा, मग बोलू.

ह्यू : बोलायचं काय त्यात? धन्याला चावलेला कुत्रा संध्याकाळ बघत नाही. ओटागोच्या या डोंगरात माझ्या आजोबांपासून हेच चालत आलंय.

इस्ला : मॉसही असाच गेला. मी शाळेतून आले तर नुसती साखळी पडलेली.

ह्यू : मॉसने मेंढी फाडली होती. जुनं उकरू नकोस.

इस्ला : टक चावला कधी?

ह्यू : गाडीवर चढवायला पट्टा धरून डोकं वर केलं, तर मनगटच धरलं. आणि हल्ली भुंकत नाही. याच्या भुंकण्यावरच मेंढ्या हलतात, अन् हा मुका उभा. उद्या कळप डोंगरावरून उतरवायचा, सगळे शेजारी येणार. हसं करून घेऊ?

इस्ला : खातो का?

ह्यू : मटणाचा तुकडा उचलतो नि टाकतो. माज, दुसरं काय. आणि डॉक्टरीणबाई, गेल्या आठवड्यात तूच ना याला टेबलावर घेतलंस? ठणठणीत आहे म्हणालीस.

इस्ला : म्हणाले. चुकले. भेदरलेला कुत्रा टेबलावर दुखणं गिळून बसतो. तो गप्प राहिला, मी त्याला शहाणा समजले. पण तो तुकडा टाकतो, हे तुम्हीही सांगितलं नाहीत. आळशी झालाय, एवढंच म्हणालात.

ह्यू : म्हणजे खापर माझ्यावर.

इस्ला : दोघांवर. आता त्याला भुंकायला सांगा. माझं तो ऐकत नाही.

ह्यू : मरायच्या आधी तमाशा कशाला?

इस्ला : सांगा.

ह्यू : टक. बोल.

(टक जबडा अर्धा उघडतो, कळवळतो, पुन्हा उघडू पाहतो.)

इस्ला : पुरे. बघा, हा डोळा किंचित पुढे आलाय. काडी चघळताना दाढेमागे टोचली असणार, तिथून डोळ्यामागे पू धरलाय. तोंड उघडलं की कळ उठते. तुम्ही डोकं ओढलंत, म्हणून चावला. आजच भूल देऊन पू काढला तर वाचेल.

ह्यू : भुंकेल?

इस्ला : बहुतेक. नाहीच भुंकला तर मी नेईन त्याला. मग या दारात तोही येणार नाही, मीही नाही.

ह्यू : दुखत असताना पुन्हा तोंड उघडत होता तो.

इस्ला : तुम्ही सांगितलंत म्हणून.

ह्यू : मी उचलतो त्याला. कुठे हात लावायचा नाही, तेवढं सांग.