नोव्हेंबरातली मंगळागौर

...नाही हो, श्रावणात नाही, मंगळागौर नोव्हेंबरातच होती, आणि कृपा करून भुवया उंचावू नका, कारण इथे अमेरिकेत, ॲन आर्बरमध्ये सण पंचांग ठरवत नाही, मिडल स्कूलच्या ऑफिसातली एक बाई ठरवते; तिच्या कॉम्प्युटरवर शाळेचा कॅफेटेरिया कोणत्या शनिवारी रिकामा आहे ते दिसतं आणि त्या शनिवारी आमच्या महाराष्ट्र मंडळावर देवी प्रसन्न होते. आम्ही ऑक्टोबरात गणपती बसवलेला आहे. मार्चमध्ये संक्रांत केली आहे, सूर्य मकर राशीतून केव्हाच बाहेर पडलेला, आणि आम्ही बर्फातले बूट घालून एकमेकींना तिळगूळ देतोय. का, असं विचारायची सोय नाही. उत्तर ठरलेलं... हॉल मिळाला होता.

तुम्हाला सांगते, मी मुळात अशा गोष्टींपासून लांब राहणारी बाई. इथल्या विद्यापीठात एकतीस वर्षं संख्याशास्त्र शिकवते, आणि माझ्या संशोधनाचा विषय आहे माणसांचं पडणं. हसू नका. माणसं कुठे पडतात, कशी पडतात, कोणत्या वयात पडली की पुन्हा उठत नाहीत, यावर माझे एकोणीस निबंध आहेत, आणि मंडळातल्या एकाही माणसाने त्यातला एकही वाचलेला नाही, एक रवींद्र, आमचे अध्यक्ष, त्यांनी एकदा शीर्षकापर्यंत मजल मारली आणि मला विचारलं, "म्हणजे रत्नाताई, कोणी पडलं की तुम्ही मोजता?"

तर अशा माझ्या घरात माझ्या मुलाने, जयने, सून म्हणून कोणाला आणावं? डोंगरावरून स्वतःला खाली सोडून देणारीला.

फेम्के तिचं नाव. नेदरलँड्सची. हॉलंड म्हणू नका, हॉलंड हा त्या देशाचा एक भाग आहे आणि ही त्या भागातली नाही. ही समुद्र हटवून केलेल्या जमिनीवरची, घराचा उंबरठा समुद्रसपाटीच्या तीन मीटर खाली, आणि क्षितिजापर्यंत उंच म्हणावं असं काही दिसलंच तर ती गाय. आणि या सपाट देशातली ही मुलगी अल्पाइन स्नोबोर्डिंगमध्ये दोन वेळा युरोपची विजेती. म्हणजे काय, तर दोघी जणी एकाच वेळी, शेजारी शेजारी, पायाला फळी बांधून, बर्फाच्या उतारावरून ताशी सत्तर किलोमीटरने झेंड्यांना वळसे घालत खाली येतात, आणि जी आधी पोचते ती पुढच्या फेरीत जाते, दुसरी घरी.

ती पहिल्यांदा आमच्याकडे आली तेव्हा मंडळातल्या प्रत्येकाने तिला तोच प्रश्न विचारला. रवींद्रनी विचारला, त्यांच्या बायकोने विचारला, समोशाचा ट्रे पोचवायला आलेल्या माणसाने दारातून विचारला, "पण तुमच्याकडे तर डोंगरच नाहीत ना?" जणू तेवढं एक तिच्या लक्षात यायचं राहून गेलं होतं. आणि ती प्रत्येकाला पहिल्यापासून सांगायची... बर्फाच्या जागी प्लॅस्टिकच्या ब्रशांची उतरती चटई, जिच्यावर पडलं की कोपराची सालं निघतात. मग मॉलच्या मागचा, छपराखालचा, यंत्राने केलेल्या बर्फाचा उतार, दोनशे मीटर, खाली गादी. आणि शर्यत सुरू करताना जो हिसका द्यावा लागतो त्याचा सराव कालव्याच्या पुलावर, कारण गावात चढ म्हणून तेवढाच. सतराव्या वर्षी ऑस्ट्रियात गेली, सकाळी हॉटेलातल्या चादरी बदलायची, दुपारी शिकायची, आणि तिथला कोच चारचौघांत म्हणायचा, "घाबरू नकोस, इथपर्यंत समुद्र येत नाही." तीन वर्षांनी तिने त्याच्याच मुलीला हरवलं. मुलीला म्हणजे पोटच्या. हे सांगताना फेम्के हसत नाही, फक्त किती फरकाने ते सांगते.

मी अर्थातच यातल्या एका शब्दावर विश्वास ठेवला नाही. सगळे निकाल काढले, तक्ता केला. सोळा हंगाम, दोनशे अकरा शर्यती, मोडलेली हाडं शून्य. मी दोनदा तपासलं, कारण माझ्या अनुभवात शून्य म्हणजे विद्यार्थ्याने रकाना भरायचा कंटाळा केलेला असतो. रकाना भरलेला होता. मला त्या मुलीविषयी आदर वाटला, आणि कोणाविषयी आदर वाटला की माझा दिवस खराब जातो.

आता नीट ऐका. फेम्के तेहेतीस वर्षांची. हा शेवटचा हंगाम. डिसेंबरातल्या पहिल्या दोन शर्यतींपैकी एकीत तरी पहिल्या सोळांत आली तर संघातली जागा राहणार, नाहीतर ती जागा मागे टपून बसलेल्या एकोणीस वर्षांच्या एका पोरीला. सोळा वर्षांचं सगळं त्या दोन शर्यतींवर. सोमवारी सकाळी तिचं कोलोरॅडोचं विमान होतं, आणि त्याआधीच्या शनिवारी काय होतं? हॉल मिळाला होता.

फोन विनीताचा. विनीता म्हणजे आमची सांस्कृतिक सचिव, आवाज असा की फोन कानाला न लावताही ऐकू येतो. "रत्नाताई, तुमच्याकडे नवी नवरी आहे, पहिली मंगळागौर आहे, आम्ही सगळ्या ठरवूनच बसलोय."

"विनीता, श्रावण संपून तीन महिने झाले."

"अहो, पण हॉल मिळालाय ना."

"तिची दोन आठवड्यांनी शर्यत आहे."

"अय्या, मग सत्कारही उरकून टाकू. शाल-नारळ आहेच घरात, मागच्या पाहुण्यांचं विमान कॅन्सल झालं होतं."

जय समोरून हातवारे करत होता, "आई, जस्ट से नो, सीरियसली," आणि मी नाहीच म्हणणार होते, तुमची शपथ... पण फेम्के तिथेच बसलेली, आणि डच माणसाला आडून विचारता येत नाही, ती सरळ विचारते, "रत्ना," हो, ती मला रत्ना म्हणते, हे पहिल्यांदा ऐकलं तेव्हा विनीताच्या हातातला चमचा आमटीत पडला होता, "रत्ना, यात काही धोका आहे का?"

आणि मी काय म्हणाले असेन? मी, एकोणीस निबंधांची धनीण? मी म्हणाले, "छे. सगळं सपाट जमिनीवर असतं."

माझ्या पहिल्या निबंधाचं पहिलं वाक्य मला झोपेतही म्हणता येतं. माणसं उंचावरून क्वचित पडतात; बहुतेक जण पडतात ते सपाट जमिनीवर, ओळखीच्या जागी, आप्तांच्या समक्ष.

मग साडी. शिवलेली नऊवारी शिकागोहून, डेव्हन ॲव्हेन्यूवरून मागवली, दुकानदाराने उंची विचारली, मी पाच फूट अकरा सांगितली, त्याने आकडा पुन्हा विचारून घेतला आणि म्हणाला, "बहनजी, बहूच आहे ना?" आली ती साडी तिच्या पोटरीच्या मध्यावर संपली. त्यावर नथ, त्यावर चंद्रकोर, आणि ही बाई दोन युरोपीय अजिंक्यपदं घेऊन कॅफेटेरियातल्या दुधाच्या फ्रीजसमोर उभी. रवींद्रनी भाषण केलं. "आपल्या सर्वांना अभिमान आहे, की ज्या देशात एकही डोंगर नाही..." अकरा मिनिटं. मी मोजली. त्यात सत्कारमूर्तीचं नाव एकदा आलं, तेही फेमिना असं.

नंतर खेळ. विनीताने माइक घेतला, "मोजे काढा गं सगळ्यांनी," आणि फुगडी सुरू झाली. फुगडी तुम्हाला काय समजावायची, पण फेम्केला समजावावी लागली, आणि ती आमच्या राधिकाने समजावली, विनीताची मुलगी, इथेच जन्मलेली, त्यामुळे नियम तिला अमेरिकन मुलांसारखे पाठ, "टोज टुगेदर, हात क्रॉस, लीन बॅक, आणि सगळ्यात इम्पॉर्टंट, थांबायचं असेल तर 'थांब' म्हणायचं. यू नेव्हर लेट गो." फेम्केने तो शब्द तीनदा म्हणून पाहिला. थांब. थांब. थांब. उत्कृष्ट उच्चार.

राधिका वीस सेकंदांत "थांब" म्हणाली. विनीता पंधरा. रवींद्रची बायको आठ, आणि नंतर तिला खुर्चीवर बसवून वारा घालावा लागला. तुम्हाला सांगते, त्या मुलीचे पाय म्हणजे देवळाचे खांब. सोळा वर्षं वळण घेताना स्वतःच्या वजनाच्या तिप्पट भार पेललेले, त्यांना आमच्या मंडळातल्या बायकांचं काय ओझं होणार, ज्यांचा व्यायाम म्हणजे जिमची मेंबरशिप. सगळ्या गार झाल्या, आणि मग सुरू झाली कुजबूज. "गोऱ्या पोरीने हरवलं बाई." "आपलाच खेळ आणि आपल्याच हॉलमध्ये." आणि विनीता माइकवर, "आता एकच उरलं. सासू-सुनेची फुगडी."

मी एकसष्ट वर्षांची. माझ्या वयाच्या बाईने गोल फिरू नये, यावर माझा स्वतंत्र निबंध आहे, सातवा. पण नागपूरच्या हॉस्टेलात, एकोणिसाव्या वर्षी, माझ्यासमोर कोणी टिकत नव्हतं, आणि पंचेचाळीस बायका टाळ्या वाजवतायत, आणि त्या मुलीने हात पुढे केले, हसून, पहिल्यांदाच तिला हसताना पाहिलं, "कम ऑन, रत्ना."

गेले.

पहिली पंधरा सेकंदं मी एकोणीस वर्षांची होते. विसाव्याला छत फिरायला लागलं. पंचविसाव्याला मला माझे स्वतःचे तक्ते दिसायला लागले, वयोगट साठ ते चौसष्ट, कंबरेचं हाड. त्या क्षणी तोंड उघडून एक शब्द म्हणायचा होता. दोन अक्षरं. आणि तुम्हाला सांगते, ती मला येत होती, ती माझ्या मातृभाषेतली आहेत, इंग्रजीतून मी तेच एकतीस वर्षं विद्यार्थ्यांना ऐकवत आले आहे. पण "थांब" म्हणायचं म्हणजे हरायचं. सुनेकडून. विनीता माइकवर असताना.

म्हणून मी हात सोडले.

मी मात्र शास्त्रोक्त पडले, हं. हनुवटी छातीला, गुडघे वाकवून, कुशीवर. आमच्या प्रयोगशाळेत व्हिडिओ दाखवतो तशी. खरचटलंसुद्धा नाही. आणि ती गेली, ताशी किती ते मी अजून काढलेलं नाही, दुमडून ठेवलेल्या लंच टेबलांच्या रांगेवर, आधी गुडघा. आवाज आला. ती ओरडली नाही. गुडघ्याकडे पाहिलं, मग माझ्याकडे पाहिलं, मग पुन्हा गुडघ्याकडे, जशी ती शर्यतीनंतर वेळ दाखवणारा फलक पाहत असेल तशी.

मग काय, सगळ्या धावल्या. "दृष्ट लागली." "हळद आणा." "बर्फ आणा, बर्फ," आणि कोणीतरी त्या फ्रीजमधून चॉकलेट मिल्कचे गार डबे आणले आणि विजेतीच्या गुडघ्याला लावले. रवींद्र माझ्या कानाशी आले, "रत्नाताई, ॲम्ब्युलन्स मागच्या दाराने बोलावू का? पुढे शाळेची बाई आहे, पुढच्या वेळी हॉल मिळायचा नाही."

गुडघ्यातले दोन स्नायुबंध तुटले. नऊ महिने. डॉक्टरने स्कॅन पाहून विचारलं, "कोणत्या डोंगरावर?" जयने माझ्याकडे पाहिलं. मी भिंतीवरच्या सांगाड्याकडे पाहिलं. मग तिच्या देशातल्या संघटनेचा फॉर्म आला, त्यात रकाने: उतार किती अंश, बर्फ कसा, वेग किती, साहित्यात दोष होता का. फेम्केने तो माझ्यापुढे सरकवला. "रत्ना, हे तुझं काम." आणि मी भरला, प्रामाणिकपणे, कारण फॉर्म खोटा भरणं माझ्या तत्त्वात बसत नाही. उतार, शून्य अंश. बर्फ, नाही. साहित्यातला दोष, इथे मी बराच वेळ थांबले, आणि लिहिलं, सासू.

डिसेंबरातल्या पहिल्या शर्यतीत ती एकोणीस वर्षांची पोरगी अकरावी आली. फेम्केने माझ्याच सोफ्यावर पाय उशीवर ठेवून ती पाहिली, शेवटपर्यंत, आणि संपल्यावर म्हणाली, "तिसऱ्या वळणाला उशीर करते." मग फोन उचलून संघटनेला चार ओळी लिहिल्या आणि सोळा वर्षं संपली. रडली नाही. मी स्वयंपाकघरात जाऊन कुकर लावला, तीन शिट्या होईपर्यंत तिथेच उभी राहिले, आणि शिट्यांनंतरही.

त्या संध्याकाळी तिने एकदाच विचारलं. "तुला तो शब्द माहीत होता ना?" मी म्हटलं, "हो." ती म्हणाली, "ओके." डच माणसं विषय वाढवत नाहीत, हा त्यांचा मोठा दोष आहे, विनीतासारखी चार दिवस बोलली असती तर मला निदान रागावता आलं असतं.

विनीताचा फोन येतो अधूनमधून, तब्येतीची चौकशी करून मग मुद्द्यावर, "मेमध्ये दिवाळी करतोय, फेम्केच्या हातून दीपप्रज्वलन ठेवू का?" मी विचारत नाही, मेमध्ये का.

सध्या ती आमच्याकडेच आहे, खालच्या खोलीत, जिने चढायचे नाहीत म्हणून. फिजिओथेरपिस्टने व्यायाम दिलाय, हॉलवेमध्ये कोणाचा तरी हात धरून रोज वीस पावलं. जय ऑफिसला जातो, मी या सत्रात रजा घेतली आहे, हात द्यायला घरात मी एकटीच. म्हणून रोज सकाळी दहा वाजता मी तिच्यासमोर उभी राहते आणि हात पुढे करते. ती हातांकडे बघते, नम्रपणे मान हलवते आणि भिंत धरून चालायला लागते. मी आग्रह करत नाही. आकडेवारी तिच्या बाजूने आहे.