वीस जोड

(सावंतवाडी, १९५८. चितारआळीत हिरा नवरा-नवरीच्या लाकडी बाहुल्यांचे जोड रंगवते आहे. तिच्याच घरात भाड्याने राहणाऱ्या, शाळेतल्या चित्रकलेच्या बाई आनंदी नुकत्याच घरी आल्या आहेत.)

आनंदी : वीसच्या वीस, हिरा? एकाही नवऱ्याला मिशी नाही?

हिरा : इसारलंय.

आनंदी : वीस वेळा? चष्मा द्यायला मात्र बरा आठवला.

हिरा : शिकलेलो नवरो आसा.

आनंदी : आणि पातळ नेसतो?

हिरा : धोतार आसा तां.

आनंदी : धोतराला पदर असतो का गं? माझं हिरवं पातळ आहे हे, काठासकट. संध्याकाळी बाबलीशेट लग्नसराईचे जोड न्यायला येतोय. काय दाखवणार त्याला?

हिरा : तूच सांगलंस, समोर आसा तां बघून काढ, आज्यान काढलेला गिरवू नको. समोर तू बसतंस.

आनंदी : शाळेतल्या मुलींनाही तेच सांगते मी. त्या मुकाट्याने आंबा काढतात.

हिरा : आनी तू? मुंबैच्या प्रदर्शनाक सहा चित्रां धाडलंस. सगळ्यांत माजेच हात.

आनंदी : मुंबईला चित्रकला शिकताना चार वर्षं प्लास्टरचे हात काढले, एकात जीव आला नाही. तुझे बघितले तेव्हा आला. बरं, विषय बदलू नकोस. कुंचला दे इकडे, मी काढते मिशा.

हिरा : डोळे काढून झाले. डोळे काढले की मगे कुंचलो लावूचो नाय. आमच्या घरची रीत आसा.

आनंदी : पातळ नेसवताना कुठे गेली होती रीत? खरं सांग, असं का केलंस?

हिरा : तुज्या भावान रत्नांग्रीक तुका नवरो ठरवल्यान. पत्रातून तेचो फोटो इलो त्या दिसापासून हे काढूक घेतलंय.

आनंदी : त्याचा इथे काय संबंध?

हिरा : तो मिशीवालो तुका न्हेतलो, आनी मी तेका आपल्या हातान सजवू? माका जमाचा नाय.

आनंदी : मग हे तोंडाने सांगायचं होतंस. पंधरा दिवस तुझ्यासमोर बसतेय, चहा घेतेस का यापलीकडे शब्द नाही. वैताग आला मला.

हिरा : म्हटलंय तर रवतलंस?

आनंदी : म्हणून तर बघ.

हिरा : जाव नको गो.

आनंदी : दादाला परवाच नाही म्हणून कळवलंय. तरी एकदा तुझ्याकडून ऐकायचं होतं.